शनीची शेपटी आणि आमची भिंत

मी शनीवर काम करते, हे मी आता प्रवासात कुणाला सांगत नाही. एकदा चंद्रपूरहून पोंभुर्ण्याला जाताना एसटीत शेजारी बसलेल्या बाईंना सांगून बसले. पुढचा सगळा रस्ता त्यांनी मला थोरल्या मुलाची रास, त्याचं मोडलेलं लग्न आणि बंद पडलेलं किराणा दुकान सविस्तर ऐकवलं. उतरायच्या वेळी विचारलं, "मंग बाई, त्याले केव्हा सोडते थो?" थो म्हणजे शनी. मी म्हटलं, ते मला माहीत नाही, मी शनीच्या भोवतीचा प्लाझ्मा कसा वागतो ते बघते. बाईंनी पिशवी उचलली आणि म्हणाल्या, "पाहता तं खरं, पण सांगत नाई."

नोकरीची इतकी वर्षं झाली, तरी या कामाविषयी सोपं करून लिहा असं कुणी म्हटलं की मी काहीतरी कारण काढून टाळते. सोपं केलं की लोक शनीला तेल वाहायला सांगतात आणि अवघड केलं की झोपतात. तरी एकदा प्रयत्न करते, कारण मला जे सांगायचं आहे ते त्याशिवाय कळणार नाही.

प्लाझ्मा म्हणजे असा वायू, ज्याच्या अणूंमधले इलेक्ट्रॉन सुटून मोकळे झालेले असतात. साधी हवा चुंबकाला विचारत नाही. प्लाझ्मा मात्र चुंबकाच्या तालावर चालतो. सूर्याकडून असा प्लाझ्मा सतत वाहत येत असतो. ज्या ग्रहाला स्वतःचं चुंबकत्व आहे त्याला तो वळसा घालून जातो, नदीतल्या खडकाला पाणी वळसा घालतं तसा. त्यामुळे ग्रहाभोवती एक राखीव जागा तयार होते, सूर्याच्या बाजूने दबलेली आणि मागे लांबच लांब शेपटी असलेली. तिला चुंबकांबर म्हणतात. शनीच्या बाबतीत आणखी एक भानगड आहे. त्याचा एक छोटासा बर्फाळ चंद्र पाण्याची वाफ बाहेर फेकत असतो. त्या वाफेचा प्लाझ्मा होतो, शनी त्याला आपल्याबरोबर गरगर फिरवतो, तो बाहेर सरकत सरकत शेपटीत साचतो, शेपटी ताणली जाते आणि अधूनमधून तिचा एक गोळा तुटून अवकाशात निघून जातो. तो केव्हा तुटतो आणि का तुटतो, यात माझं निम्मं आयुष्य गेलं.

शनीपर्यंत कुणी सारखं जात नाही. यान गेलं, त्याला त्याच्या वाटेवरचं तेवढं कळलं. बाकीचं आम्ही संगणकात उभं करतो. ग्रहाभोवतीची जागा बारीक बारीक घरांत वाटायची. प्रत्येक घरात प्लाझ्मा किती, किती तापलेला, कुठे चाललाय, तिथलं चुंबकीय क्षेत्र कसं, हे आकड्यांत भरायचं. मग घड्याळ किंचित पुढे सरकवायचं आणि शेजारच्या घरांकडे बघून प्रत्येक घराचं गणित नव्याने करायचं. हे असं लाखो वेळा. माणसाने केलं तर वेड लागेल, म्हणून संगणकाकडून करून घ्यायचं आणि वेड आपल्याकडे ठेवायचं.

या धंद्यात काही गोष्टी सर्रास चालतात, पण बाहेर बोलू नयेत. ग्रहाच्या जवळ चुंबकीय लाटा इतक्या जोरात धावतात की घड्याळ फारच बारीक पावलांनी न्यावं लागतं आणि गणित संपतच नाही. म्हणून आम्ही त्या गणितापुरता प्रकाशाचा वेग कमी धरतो. त्याचे नियम आहेत, त्याने उत्तर बिघडत नाही. कॉलेजच्या मूल्यांकनाला आलेल्या समितीतल्या एका गृहस्थांना मी हे प्रामाणिकपणे सांगितलं. त्यांनी प्राचार्यांना बाजूला घेऊन विचारलं की हे कुणाच्या परवानगीने चाललंय. प्राचार्यांनी मला बोलावलं आणि म्हणाले, "मॅडम, समिती जाईपर्यंत तेवढा वेग पूर्ववत ठेवा."

आमची प्रयोगशाळा चंद्रपुरात, म्हणजे जिथली वीज कुठे कुठे जाते त्या गावात. तिथेच ती दुपारी जाते. उन्हाळ्यात खोली तापते म्हणून कूलर लावावा, तर त्याची ओल संगणकांना मानवत नाही. कूलर बंद करावा, तर संगणक गरम होऊन आपोआप बंद पडतात. एका मे महिन्यात कंटाळून मी प्लाझ्माच्या विद्युतरोधाचा समीकरणातला अर्थ शिकवायचं सोडून मुलांना ओला टॉवेल खिडकीला कसा बांधायचा ते शिकवलं. त्यांना तेच जास्त लक्षात राहिलं असेल.

पण तक्रार करताना मला नेहमी थोडी लाज वाटते. मी पोंभुर्ण्याची. घरी धानाची शेती, माझ्याआधी घरात कुणी दहावीच्या पुढे गेलं नव्हतं. शाळेतल्या गणिताच्या सरांनी स्वतः चंद्रपूरला येऊन माझा कॉलेजात प्रवेश करून दिला, आणि घरी वडिलांना सांगितलं की पोरीला तिकडेच राहू द्या. ते सर नसते तर मी आज दुसऱ्या कुणाच्या तरी धानाच्या बांधीत रोवणी करत असते. म्हणून वनिता माझ्याकडे पीएचडीला आली तेव्हा मला नाही म्हणता आलं नाही.

वनिता गडचिरोलीकडच्या एका गावची. वडील शामरावभाऊ गावच्या तलावात मासे धरायचे, थोडी धानाची शेती, उरलेले दिवस मजुरी. पोरीला शिष्यवृत्ती होती, म्हणून घरच्यांवर पैशांची फार ओढ नव्हती. एका मोठ्या शहरातल्या संशोधन संस्थेतले एक सर तिचे सहमार्गदर्शक होते. आम्ही त्यांना मोठे सर म्हणायचो. त्यांच्यामुळे तिथल्या महासंगणकावर आम्हाला वर्षाला थोडा वेळ मिळायचा. तो वेळ म्हणजे आमचं धान्याचं कोठार. जपून काढायचा.

वनिताने शनीची शेपटी उभी केली आणि तिचे गोळे तुटायला लागले. नुसते तुटले नाहीत, ठेक्यात तुटले. एक गोळा, मग ठरावीक वेळ, मग दुसरा. मी इतकी वर्षं शेपटी बघत होते, पण इतकी देखणी पाहिली नव्हती. परिषदेत लोकांनी टाळ्या वाजवल्या, शोधनिबंध छापून आला, आणि इकडे एका वर्तमानपत्राने 'शनीचे रहस्य उलगडले' असा मथळा दिला. वनिताच्या गावात सत्कार झाला. शाल, श्रीफळ, आणि सरपंचांचं भाषण, ज्यात ते शनीबद्दल कमी आणि गावाच्या अर्धवट राहिलेल्या रस्त्याबद्दल जास्त बोलले. शामरावभाऊ नवा सदरा घालून पहिल्या रांगेत. त्यानंतर काही शनिवार आमच्या प्रयोगशाळेच्या दाराशी लोक येत राहिले. एक सोयाबीनचे व्यापारी तेलाची बाटलीच घेऊन आले. मी बाटली परत दिली तर त्यांचा चेहरा पडला. त्यांना वाटलं, मोठी बाटली हवी होती.

प्रबंध फेब्रुवारीत द्यायचा होता, कारण मार्चमध्ये शिष्यवृत्ती संपत होती. फक्त शेवटच्या प्रकरणासाठी एक मोठी चालवणी बाकी होती. 'चालवणी' हा आमचा शब्द. महासंगणकावर एकदा गणित सोडायचं, त्याला आम्ही चालवणी म्हणतो. त्या वर्षीचा आमचा वेळ तेवढ्या एकाच मोठ्या चालवणीपुरता उरला होता.

छपाईसाठी चित्रं काळ्या-पांढऱ्यात करताना वनिताने रंगांची पट्टी बदलली. दुपारी ती माझ्या टेबलाशी आली. एरवी माझ्याशी ती पुस्तकी मराठीत बोलायची. त्या दिवशी तिची बोली बाहेर आली. "मॅडम, हे वापस येऊन राह्यलं."

चित्रात शेपटीच्या टोकापासून ग्रहाकडे एक फिकट रेघ सरकत होती. आधीच्या रंगांत ती दिसतच नव्हती. ती रेघ ग्रहाजवळ पोचायची आणि लगेच नवा गोळा तुटायचा. प्रत्येक वेळी.

इथे मला भिंतीबद्दल सांगायला हवं. अवकाशाला भिंत नसते, पण आमच्या संगणकाला असते. कुठेतरी घरं संपवावीच लागतात. त्या शेवटच्या भिंतीला आम्ही सांगून ठेवतो की येईल ते बाहेर जाऊ दे, अडवू नको. शेपटीत पुरेसं लांब गेलं की प्लाझ्मा स्वतःच लाटेपेक्षा जोरात धावतो, मग भिंतीवरून काही परत फिरलं तरी ते उलट पोहून ग्रहापर्यंत येऊ शकत नाही. पण भिंत त्याच्या अलीकडे असली तर प्रतिध्वनी परत येतो. आमची भिंत मोठ्या सरांच्या गटाने ठरवलेली, वर्षानुवर्षं सगळ्यांनी वापरलेली. लांब भिंत म्हणजे जास्त घरं, आणि जास्त घरं म्हणजे कोठार रिकामं. म्हणून ती सगळ्यांनी तिथेच ठेवली होती. पृथ्वीसाठी ती जागा ठीक होती. शनीसारख्या भरलेल्या, सुस्त शेपटीसाठी ठीक होती की नाही, हे कुणी विचारलं नव्हतं.

आम्ही कागदावर हिशेब मांडला. लाट भिंतीपर्यंत जाऊन परत यायला जेवढा वेळ लागतो, जवळपास तेवढाच आमचा ठेका होता. जवळपास म्हणजे अगदी तोच नाही. तेवढी एक आशा होती आणि तीच जास्त त्रास देत होती. खात्री करायची तर भिंत खूप लांब नेऊन पुन्हा चालवायचं. आणि वेळ एकाच चालवणीचा.

मोठ्या सरांना फोन लावला. ते वाईट माणूस नव्हेत. त्यांनी शांतपणे ऐकलं आणि म्हणाले की आधी प्रबंध द्या, डॉक्टरेट घ्या, मग भिंत कुठे न्यायची तिथे न्या. शेवटच्या प्रकरणाची चालवणी सोडलीत तर प्रबंधच अपुरा राहील. आणि या क्षेत्रात अर्धं आयुष्य आपण आधीचंच दुरुस्त करत असतो. यातलं प्रत्येक वाक्य खरं होतं, म्हणून मला जास्तच राग आला. मी फोन वनिताकडे दिला. तिने समोरचा हिशेबाचा कागद ओढला. मग म्हणाली, "सर, गोळा शनीचा आहे का भिंतीचा आहे, हे मले माहीत नाई. मी काय लिहू?"

भिंत लांब नेली. चालवणी रांगेत लागली, कारण महासंगणकावरही रांग असते आणि तिथेही काही लोकांची पुढून घुसायची सवय असते. मग आमच्याकडे रस्ता रुंद करणाऱ्यांनी इंटरनेटची तार तोडली. मी तार जोडणाऱ्या कार्यालयात जाऊन उभी राहिले तर तिथल्या माणसाने विचारलं की मॅडम, एवढी काय घाई, ऑनलाइन परीक्षा आहे का. मी म्हटलं, शनीची शेपटी अडकली आहे. त्याने माझ्याकडे नीट बघितलं आणि मला बसायला खुर्ची दिली. तार मात्र त्याच्या सवडीनेच जोडली.

चित्रं आली. गोळे तुटत होते, पण ठेका गेला होता. एक तुटे, मग लगेच दुसरा, मग कितीतरी वेळ काहीच नाही, मग एक भलामोठा. ज्या गोष्टीवर टाळ्या पडल्या, निबंध छापला, सत्कार झाला, ती आमच्या भिंतीची होती.

त्याच दिवशी शामरावभाऊ नायलॉनचं जाळं घ्यायला चंद्रपूरला आले होते. नवं जाळं खांद्यावर टाकून ते प्रयोगशाळेच्या दाराशी उभे राहिले. आत वनिता टेबलावर डोकं ठेवून रडत होती. त्यांनी मलाच विचारलं.

"बाई, पोरगी काऊन रडून राह्यली? नापास झाली का?"

"नाही भाऊ. तिचं आधीचं उत्तर चुकीचं निघालं."

"मंग दुसरं लिव म्हणाव."

मी म्हटलं, तेच करायचं आहे, पण सगळं नव्याने करावं लागेल, वेळ जाईल, आणि शिष्यवृत्ती तर मार्चमध्ये संपते. त्यांनी जाळं खाली ठेवलं आणि बाकावर बसले. मी विद्यापीठाचे नियम, मुदतवाढ वगैरे सांगत राहिले. ते ऐकत होते का, माहीत नाही. थोड्या वेळाने म्हणाले, "मंग थे पह्यलंच द्यायले काय हरकत आहे? शनीवर कोन जाते पाहाले?"

वनिताने डोकं वर केलं. "मी पाह्यलं ना, बाबा."

शामरावभाऊ उठले. जाळं उचललं, तिला सोबत चहाला नेलं. मी प्रयोगशाळेत एकटी बसून ज्याच्यावर चिडता येईल असा माणूस शोधत राहिले. कुणी सापडला नाही. त्याचीच चीड आली.

प्रबंधाची मुदतवाढ मिळाली, शिष्यवृत्तीची नाही. वनिता गडचिरोलीच्या एका कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवायला लागली. ज्यांना हा प्रकार माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते: तास घेतला तर पैसे, सुट्टी घेतली तर नाही, आणि पुढच्या वर्षी बोलावतील की नाही ते जूनमध्ये कळतं. शनिवारी-रविवारी ती बसने चंद्रपूरला यायची आणि आमच्याच तापणाऱ्या संगणकांवर लहान लहान चालवण्या करायची. शोधनिबंध मागे घेण्याचं पत्र तिने स्वतः लिहिलं. बाहेरच्या काही संशोधकांनी त्यावर चांगली उत्तरं पाठवली. एकाने लिहिलं की भिंतीचा मुद्दा पटत नाही, कारण त्याच्याही चित्रांत तोच ठेका आहे.

मी वर्तमानपत्रात गेले. म्हटलं, आधीची बातमी चुकीची होती, दुरुस्ती छापा. उपसंपादक मुलगा सज्जन होता. म्हणाला, "मॅडम, चूक झाली असं नको, लोकांचा विश्वास उडतो." दुसऱ्या दिवशी आतल्या पानावर 'शनीचे रहस्य कायम' अशी बातमी आली. सोबत माझाच फोटो, आणि फोटोखाली वनिताचं नाव. पुढच्या शनिवारी तेलवाले व्यापारी हजर. त्यांना आता जास्त खात्री वाटत होती.

या सगळ्यात मला खंत कशाची वाटते, तर वनिता चालवण्या बघत असताना तिच्या बरोबरीची मुलं नोकऱ्यांत कायम होत गेली. मोठ्या सरांच्या गटातल्या एकाने जुन्या भिंतीवरच प्रबंध दिला आणि तो आता परदेशात आहे. चांगला मुलगा आहे. दिवाळीला मेसेज करतो.

अखेर वनिताचा प्रबंध झाला. पहिल्या प्रकरणात तिने ते जुनं देखणं चित्र दिलं आणि खाली लिहिलं की हा शनी नाही. पुढच्या प्रकरणांत भिंत टप्प्याटप्प्याने लांब नेत ठेका कसा बदलतो आणि शेवटी कसा नाहीसा होतो ते दाखवलं. बाहेरचे एक परीक्षक दुपारी मौखिक परीक्षेला आले. आमच्याकडे ही परीक्षा खुली असते, कुणीही येऊन बसू शकतं. प्राचार्य आले, बीएस्सीची मुलं आली कारण त्यांचा तास रद्द झाला होता, आणि शामरावभाऊ आले.

परीक्षकांना उशीर झाला होता आणि त्यांना त्याचा राग कुणावर तरी काढायचा होता. त्यांनी पानं उलटली आणि इंग्रजी सोडून मराठीत विचारलं, "मग शनीचा गोळा किती वेळाने तुटतो?"

"सर, ठरलेलं नाही."

"म्हणजे तुम्हाला सांगता येत नाही."

"येतं, सर. ठरलेलं नाही, हे सांगता येतं."

"पण इतक्या वर्षांच्या कामानंतर एक आकडा तरी?"

"आकडा होता, सर," वनिता म्हणाली. "थो पह्यल्या प्रकरणात आहे. थो भिंतीचा आहे."

बीएस्सीच्या मुलांत कुणीतरी हसलं. परीक्षक हसले नाहीत. त्यांनी पहिलं प्रकरण उघडलं, ते चित्र बराच वेळ बघितलं आणि म्हणाले की चित्र हेच जास्त चांगलं होतं. वनिता म्हणाली, हो सर.

मग सगळ्यांना बाहेर काढून परीक्षक, प्राचार्य आणि मी आत. अहवाल लिहायला कितीसा वेळ लागणार? पण चहा आला, मग बिस्किटं आली, मग प्राचार्यांना कॉलेजच्या नव्या सभागृहाची हकिगत सांगायची होती, आणि परीक्षकांना आपल्या मुलीच्या कॅनडातल्या थंडीची. मी दोनदा घड्याळाकडे बघितलं. प्राचार्यांना वाटलं मला आणखी चहा हवा आहे. दाराच्या फटीतून मला बाहेरच्या बाकावर बसलेल्या शामरावभाऊंचे पाय दिसत होते. वहाणा काढून बाजूला ठेवलेल्या. वनिता उभीच होती.

एकदाची सही झाली. मी दार उघडलं तेव्हा व्हरांड्यात दुसरं कुणी उरलं नव्हतं. जाहीर करायचं ते मीच केलं. म्हटलं, "भाऊ, झाली डॉक्टर."

"हाव का," ते म्हणाले. वहाणा घातल्या, वनिताकडे बघितलं, मग माझ्याकडे. "शेवटली गाडी गेली असन पण."

गेली होती. दोघं माझ्याकडेच मुक्कामाला राहिले. सकाळी मी उठून चहा ठेवेपर्यंत वनिता तयार होऊन दाराशी उभी. पहिल्या गाडीने गडचिरोलीला पोचून तिला तास घ्यायचा होता आणि त्या दिवसाची सुट्टी तिला मिळाली नव्हती.